अपील ‘उडालं’, पण निकाल लागलेला नाही

पत्राचा गोषवारा

पत्र लिहिणाऱ्या ताई पंचावन्नच्या आसपासच्या आहेत. लग्न १९९० सालचं. आई आधीच गेली, वडील २००३ साली. वडिलोपार्जित शेतजमिनीत वाटप मिळावं म्हणून त्यांनी दोन भावांवर दावा लावला. जानेवारी २०२० मध्ये खालच्या कोर्टाचा निकाल आला. ९ सप्टेंबर २००५ रोजी, म्हणजे मुलींना मुलांइतका हक्क देणारी हिंदू वारसा कायद्याची दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, वडील हयात नव्हते, सबब मुलगी सहदायाद (वडिलोपार्जित मिळकतीतली जन्मजात वाटेकरी) ठरत नाही. तिला वडिलांच्या एक तृतीयांश हिश्श्यातला तिसरा वाटा, म्हणजे एकूण जमिनीचा नववा हिस्सा. ताईंनी मुदतीत जिल्हा न्यायालयात अपील केलं. वकील वडिलांचे जुने स्नेही, ताई त्यांना काका म्हणतात. काका म्हणाले, “तू खेपा घालू नकोस, लागलं तर मी बोलावीन.” मग टाळेबंदी आली, कोर्टं बंद झाली, पुन्हा उघडली. काकांशी अपिलाबद्दल शेवटचं बोलणं झालं त्याला तीन वर्षं झाली.

गेल्या महिन्यात एका लग्नात भाचा सहज बोलून गेला, “आत्या, तुमचं अपील तर फेब्रुवारीतच उडालं.” काकांना फोन लावला तर त्यांच्या मुलीने उचलला. काकांची बायपास झाली आहे आणि दीड वर्षापासून ते कोर्टात जातच नाहीत.

ताई लिहितात : “कोर्टाने माझं काही न ऐकता मला हरवलं. मोठा भाऊ म्हणतो, देवालाच मंजूर नव्हतं, सोड आता. काकांचा जुना कारकून म्हणतो, टायफॉइडचं सर्टिफिकेट आणा, पुढचं मी बघतो. एक ओळखीचे म्हणतात, सरळ हायकोर्टात जा. आणि प्रतिज्ञापत्रात काकांविरुद्ध लिहायचं म्हटलं तर माझा हात धजत नाही. माझ्या लग्नात त्यांनी अक्षता वाटल्या होत्या. मी काय करू?”

*

ताई,

तुमच्या पत्रात ‘हरवलं’ हा शब्द चार वेळा आला आहे, म्हणून आधी त्याच शब्दाबद्दल बोलते. तुम्ही हरलेल्या नाही. कोर्टाने तुमच्या अपिलाचा निकालच दिलेला नाही.

फेब्रुवारीतल्या त्या दिवशी काय झालं असेल ते मी डोळ्यांपुढे आणू शकते, कारण असे दिवस मी कोर्टात बसून पाहिले आहेत. अकरा वाजता बोर्ड, म्हणजे त्या दिवसाच्या प्रकरणांची यादी, सुरू होतो. पट्टेवाला दारात येऊन अपिलाचा नंबर आणि तुमचं नाव पुकारतो. व्हरांड्यात माणसं असतात, पण त्यांत तुम्ही नसता आणि काकाही नसतात. समोरचे वकील उठून उभे राहतात. न्यायाधीश फाइल बाजूला ठेवायला सांगतात. जेवणाच्या सुट्टीनंतर पुन्हा पुकारा होतो. मग न्यायाधीश मागचा रोजनामा उलगडतात. आधीच्या तीन-चार तारखांनाही ‘अपीलकर्तीतर्फे कोणी हजर नाही’ असंच लिहिलेलं असतं. मग दोन ओळी उमटतात : अपीलकर्ती व वकील वारंवार पुकारूनही गैरहजर, सबब अपील गैरहजेरीत काढून टाकण्यात येत आहे.

यात तुमच्या जमिनीबद्दल, २००५ बद्दल किंवा तुमच्या हक्काबद्दल एक अक्षर नाही, आणि ते असूही शकत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम १७ प्रमाणे अपीलकर्ता गैरहजर असेल तर कोर्टाला अपील काढून टाकता येतं. पण त्याच नियमाला १९७६ च्या दुरुस्तीने एक स्पष्टीकरण जोडलं आहे, की गैरहजेरीत अपिलाचा गुणदोषांवर निकाल देता येणार नाही. अब्दुर रहमान विरुद्ध अतिफा बेगम (१९९६) आणि घनश्याम दास गुप्ता विरुद्ध माखनलाल (२०१२) या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयाने तेच बजावून सांगितलं : अपीलकर्ता नसताना फाइल वाचून ‘अपिलात दम नाही’ असं लिहू नका. म्हणून तुम्ही पहिलं काम करायचं ते हे, की त्या दिवशीचा आदेश स्वतः वाचायचा. भाच्याने सांगितलेल्यावर विसंबू नका. ‘उडालं’ हा लग्नमांडवातला शब्द झाला. आदेशात ‘गैरहजेरीत’ आहे की मुद्द्यांची चर्चा करून अपील फेटाळलं आहे, यावर पुढचा रस्ता ठरतो.

आदेश गैरहजेरीचाच असेल, असं धरून पुढे लिहिते.

तसं असेल तर हायकोर्टाची वाट आत्ता तुमची नाही. हायकोर्टातलं दुसरं अपील हुकूमनाम्यावर (डिक्रीवर, म्हणजे हक्कांचा फैसला करणाऱ्या निर्णयावर) होतं, आणि संहितेच्या कलम २(२) मध्ये ‘हुकूमनामा’ या शब्दातून गैरहजेरीत काढून टाकल्याचा आदेश स्पष्टपणे वगळला आहे. तुमच्या ओळखीच्या गृहस्थांनी मनापासून सांगितलं असेल, पण त्या सल्ल्यात पैसा जाईल, महिने जातील आणि शेवटी ‘आधी खाली जा’ असंच ऐकावं लागेल. तुमचा अर्ज त्याच जिल्हा न्यायालयात करायचा आहे, आदेश ४१ नियम १९ खाली, अपील पुन्हा दाखल करून घ्यावं म्हणून. या नियमातली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. पुकारा झाला तेव्हा हजर राहण्यात पुरेशा कारणाने अडथळा आला हे सिद्ध झालं, तर कोर्टाने अपील पुन्हा दाखल करून घ्यायचं आहे. तिथे मेहरबानीचा प्रश्न उरत नाही. फक्त खर्चाची वगैरे अट घालायची की नाही, ते कोर्टाच्या हातात असतं.

आता अडचण. हा अर्ज ३० दिवसांत करायचा असतो. मुदत कायदा, १९६३ च्या अनुच्छेद १२२ प्रमाणे हे ३० दिवस अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून मोजतात. तुम्हाला कळलं त्या दिवसापासून मोजत नाहीत. तुमचे ते दिवस मार्चमध्येच संपले. म्हणून नियम १९ च्या अर्जाबरोबर मुदत कायद्याच्याच कलम ५ खाली विलंब माफीचा अर्जही द्यावा लागेल, आणि खरी लढाई त्या दुसऱ्या अर्जावर होईल. भावांना नोटीस निघेल, ते हरकत घेतील, तुम्हाला सात महिन्यांचा हिशेब द्यावा लागेल.

इथे कारकुनाच्या टायफॉइडकडे येते. ताई, कृपा करून हे करू नका. प्रतिज्ञापत्रावर खोटं लिहिणं हा गुन्हा आहे, हे एक. पण त्याहून साधी गोष्ट पाहा. फेब्रुवारीपासून सात महिने कुणाला टायफॉइड असतो का? आणि ज्या लग्नात भाच्याने तुम्हाला सांगितलं, त्या लग्नातले तुमचे फोटो भावांच्या मोबाइलमध्ये आहेत. उन्हाळ्यात तुम्ही कुठे गेलात, कुणाच्या बारशाला बसलात, हे सगळं विरुद्ध बाजूला माहीत आहे, कारण विरुद्ध बाजू तुमचं माहेर आहे. उलटतपासात तो डॉक्टरचा कागद एकदा फाटला, की तुमच्या खऱ्या कारणावरही कुणी विश्वास ठेवणार नाही. आणि तुमचं खरं कारण चांगलं आहे! वकील आजारी पडले, हृदयाची शस्त्रक्रिया झाली, ते कोर्टात जायचे थांबले, आणि हे तुम्हाला कुणी कळवलं नाही. याहून स्वच्छ कारण मी तरी थोड्याच फायलींत पाहिलं असेल. ते सोडून तुम्ही ताप विकत आणायला निघाला आहात.

वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला द्यावी का, हा प्रश्न कोर्टांपुढे वर्षानुवर्षं येतो आहे, आणि त्याचं उत्तर एका सुरात नाही. तुम्हाला दोन्ही सूर माहीत असावेत. रफीक विरुद्ध मुन्शीलाल हे १९८१ चं प्रकरण. अपिलाच्या दिवशी वकील आलेच नाहीत आणि उच्च न्यायालयाने अपील निकाली काढलं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, खेड्यातल्या माणसाने वकील नेमला, फी दिली, की त्याचं काम झालं; वकील कोर्टात उभा राहतो की नाही यावर पहारा ठेवणं हे त्याचं काम नव्हे. अपील पुन्हा चालवायला पाठवलं आणि खर्चाचे २०० रुपये गैरहजर राहिलेल्या वकिलाकडून वसूल करा, असं सांगितलं. सहा वर्षांनी, १९८७ च्या कातीजी प्रकरणात न्यायालयाने विलंब माफीकडे उदार नजरेने पाहायला सांगितलं. उशीर करून पक्षकाराचा फायदा होत नसतो, उलट तो स्वतःच धोका पत्करतो, असा त्यामागचा विचार होता.

दुसरा सूर सलील दत्त प्रकरणात, १९९३ साली. तिथे पक्षकार शहरातली कंपनी होती. न्यायालय म्हणालं, वकिलावर बोट दाखवून केव्हाही हात झटकता येतील असा काही सरसकट नियम नाही. हा पक्षकार अडाणी खेडूत नव्हता. आणि अगदी अलीकडे, २०२४ च्या रजनीश कुमार विरुद्ध वेदप्रकाश प्रकरणात पुन्हा तेच : पक्षकारानेही आपल्या खटल्याबाबत जागं राहायला हवं, सगळं खापर वकिलावर फोडून विलंब माफ होत नाही.

तुमची जागा या दोहोंच्या मध्ये कुठेतरी आहे. म्हणूनच तुमच्या पत्रातलं एक गृहीत मला हळूच हलवायचं आहे. रागवू नका. तुम्ही लिहिता, ‘मी तर सगळं त्यांच्यावर सोपवलं होतं.’ सोपवणं चुकीचं नव्हतं. पण तीन वर्षांत एकदाही न विचारणं, हे सोपवण्याच्या पलीकडचं आहे. मला वाटतं तुम्ही विचारलं नाही, कारण विचारणं म्हणजे काकांवर अविश्वास दाखवणं, असं तुम्हाला वाटलं. आपल्याकडे कित्येक घरांत हे असंच असतं. डॉक्टरला, गुरुजींना, वकिलाला प्रश्न विचारला की त्यांचा मान कमी होतो अशी समजूत. काकांना मात्र त्या एका फोनने बरंच वाटलं असतं, असं मला राहून राहून वाटतं. आजारी माणसाला आपल्या डोक्यावरच्या फायली आठवत राहतात.

तुमच्या प्रतिज्ञापत्रात हेही येऊ द्या. ‘मी स्वतः तीन वर्षं चौकशी केली नाही, ही माझी चूक झाली’ हे वाक्य तुमचा अर्ज दुबळा करणार नाही. समोरचे वकील ते बोलणारच आहेत, मग तुम्हीच आधी सांगितलेलं बरं.

प्रतिज्ञापत्र कसं असावं, तर तारखांचं. भावनांना त्यात फार जागा नको. अपील केव्हा दाखल केलं. काकांशी शेवटचं बोलणं कधी झालं आणि ते काय म्हणाले. काका रुग्णालयात कधी दाखल झाले, शस्त्रक्रिया कधी झाली, त्यानंतर ते कोर्टात गेले का. अपील कोणत्या तारखेला काढून टाकलं गेलं. लग्न कोणत्या दिवशी होतं, भाचा काय म्हणाला. काकांच्या घरी फोन कोणत्या दिवशी केला. तिथपासून अर्ज दाखल करेपर्यंत रोज काय केलं. हा शेवटचा भाग लोक विसरतात आणि तिथेच अडकतात. कळल्यानंतरचा एकेक दिवस, कळण्याआधीच्या महिन्यापेक्षा जड असतो. तुम्हाला कळून महिना झाला आहे. तो कशात गेला, याचं खरं उत्तर लिहा. घाबरले होते, चार जणांना विचारत होते, हेही चालतं. पण यापुढे आठवडाही घालवू नका.

आदेशाच्या प्रमाणित नकलेसाठी नक्कल विभागात अर्ज आजच करा, पण नक्कल येईपर्यंत थांबू नका. अपील करताना नकलेत गेलेले दिवस मुदतीतून वजा होतात, हे बऱ्याच जणांना ठाऊक असतं. अशा अर्जाला मात्र ती सवलत नाही. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर आदेश चढवलेला असला तर त्याची छापील प्रत जोडा. अस्सल नक्कल नंतर दाखल करता येईल.

आणि आता काका.

तुमच्यापुढे दोनच वाटा आहेत असं तुम्ही धरून चाललात : काकांविरुद्ध लिहायचं, नाही तर गप्प बसायचं. तिसरी वाट काकांच्या घरातून जाते. त्यांना भेटायला जा. आधी तब्येतीची चौकशी करायला, खरोखरच. मग त्यांना सांगा काय झालं आहे. बहुतेक त्यांना माहीतही नसेल. आणि विचारा, की ‘प्रकृतीमुळे मी अमुक तारखेपासून कोर्टात हजर राहू शकलो नाही व पक्षकाराला कळवू शकलो नाही’ एवढंच प्रतिज्ञापत्र ते स्वतः देतील का, सोबत रुग्णालयाचं डिस्चार्ज कार्ड जोडून. असा कागद तुमच्या अर्जाचा कणा ठरेल. त्यात आरोप कुठेच नाही. एका आजारी माणसाने आपल्या आजाराची दिलेली ती कबुली असेल. चाळीस-पन्नास वर्षं वकिली केलेल्या माणसाला त्या कागदाची किंमत तुमच्या-माझ्याहून जास्त कळते. माझा अंदाज आहे, ते नाही म्हणणार नाहीत. म्हणालेच, तर तुम्ही घडलं तेवढंच लिहा. ‘त्यांनी फसवलं’ असं लिहू नका, कारण तसं घडलेलं नाही. ‘ते आजारी होते आणि मला कळलं नाही’ हे लिहायला हात थरथरायचं कारण नाही.

तिथेच नव्या वकीलपत्रासाठी त्यांची ना-हरकत सही आणि फाइल मागून घ्या. (इतर वाचकांसाठी : फी बाकी आहे म्हणून वकिलाला पक्षकाराचे कागद अडवून ठेवता येत नाहीत. आर. डी. सक्सेना प्रकरणात, २००० साली, सर्वोच्च न्यायालयाने हे स्वच्छ सांगितलं आहे. फीसाठी त्याने वेगळा मार्ग धरावा.)

वकिलाने पैसे घेऊन तारखांबद्दल धडधडीत खोटं सांगितलं, असं ज्यांच्या बाबतीत घडलं असेल त्यांनी राज्याच्या बार कौन्सिलकडे वकील अधिनियम, १९६१ खाली तक्रार करावी. ग्राहक आयोगाकडे जाऊ नये. वकिलाची सेवा ग्राहक संरक्षण कायद्यात येत नाही, असा निकाल मे २०२४ मध्ये झाला आहे. तुमच्या बाबतीत मात्र तक्रारीचा विचारही करू नका असंच मी म्हणेन.

मोठ्या भावाचं म्हणणं राहिलं. ‘देवालाच मंजूर नव्हतं.’ ताई, त्या दिवशी देवाला कुणी विचारलं नव्हतं, पुकारा झाला आणि व्हरांड्यातून कुणी आत आलं नाही, इतकंच घडलं. भाऊ कळवळ्याने बोलले असतील, त्यांच्या मनातलं मी कशाला सांगू? पण तुम्ही सोडायचंच ठरवलंत, तर आधी काय सोडता आहात ते नीट पाहा.

तुमचा नववा हिस्सा कुठेही गेलेला नाही. अपील काढून टाकलं म्हणून खालच्या कोर्टाने दिलेलं परत जात नाही. फक्त एक तपासा : भावांनी तुमच्या अपिलात उलट हरकती (खालच्या निकालाविरुद्ध त्यांच्या स्वतःच्या तक्रारी) दाखल केल्या होत्या का? केल्या असतील तर मूळ अपील गैरहजेरीत निघालं तरी त्या आदेश ४१ नियम २२ प्रमाणे स्वतंत्रपणे चालू शकतात, आणि मग तुमच्या पाठीमागे त्यांचा निकालही लागू शकतो.

नववा हिस्सा आणि भावांच्या बरोबरीचा तिसरा हिस्सा यांतलं अंतर मात्र या अपिलात आहे. खालच्या कोर्टाने जानेवारी २०२० मध्ये जो आधार घेतला, तो २०१५ च्या प्रकाश विरुद्ध फुलवती या निकालाचा असणार : दुरुस्तीच्या दिवशी बाप आणि लेक दोघंही हयात हवेत. तो आधार ११ ऑगस्ट २०२० रोजी गेला. विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या निकालात तीन न्यायमूर्तींनी सांगितलं, की मुलगी जन्मानेच सहदायाद आहे, ९ सप्टेंबर २००५ रोजी वडील हयात असण्याची गरज नाही. फक्त २० डिसेंबर २००४ च्या आधी कायदेशीर वाटप झालेलं नसावं. तुमच्या घरात तसं झालेलं नाही, असं तुम्हीच लिहिलं आहे. म्हणजे तुम्ही अपील केलंत आणि सहा महिन्यांत कायदा तुमच्या बाजूला आला, आणि तुमच्याकडून कुणीच कोर्टाला ते सांगायला उभं राहिलं नाही. हे वाचताना मला खरंच वाईट वाटलं. अपील पुन्हा दाखल करून घेताना कोर्ट गुणदोष तपासत नाही, तरी अर्जात एक परिच्छेद याचा असू द्या.

एक मागचं दारही आहे. विनीता शर्मा निकालातच म्हटलं आहे, की प्राथमिक हुकूमनामा (कुणाचा हिस्सा किती ते ठरवणारा) झालेला असला तरी अंतिम हुकूमनाम्याचं (प्रत्यक्ष वाटपाचं) काम किंवा अपील प्रलंबित असेल तर मुलीला मुलाइतका हिस्सा द्यावा. तुमच्या वाटपाचा अंतिम हुकूमनामा झाला आहे का, ते नव्या वकिलांना पाहायला सांगा. पण या दारावर भिस्त ठेवून पुढचं बंद होऊ देऊ नका. तुमच्या प्रकरणात हाच मुद्दा खालच्या कोर्टाने ठरवून टाकलेला आहे, आणि ‘तो आता अंतिम झाला’ असं भाऊ म्हणतील.

हे सगळं पाहून, भावांशी नातं राहावं म्हणून तुम्ही तिसऱ्याऐवजी पाचव्या हिश्श्यावर समझोता केलात, किंवा नवव्यावरच थांबलात, तरी मी तुम्हाला चूक म्हणणार नाही. लोकअदालतीत तडजोड लिहून घेता येते, भाऊबहिणी पुन्हा एका ताटात जेवतात, असंही मी पाहिलं आहे. पण तो निर्णय अपील जिवंत असताना, समोरासमोर बसून तुम्ही घ्यायचा आहे. मेलेल्या अपिलावर तडजोड होत नाही, तिथे फक्त जे मिळेल ते घ्यावं लागतं.

नव्या वकिलांना तीन गोष्टी आवर्जून विचारा. अपिलात जमीन विकू नये म्हणून मनाई हुकूम होता का? असेल तर तो अपिलाबरोबर संपला असण्याचीच शक्यता धरून चाला, आणि अर्जातच तो पुन्हा लागू करण्याची मागणी करायला सांगा. दावा प्रलंबित असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवली होती का? आणि सात-बाऱ्यावर गेल्या सात महिन्यांत काही नवा फेरफार पडला आहे का? हे तिसरं तुम्ही स्वतःही आज संध्याकाळी मोबाइलवर पाहू शकता. कोर्टाने अर्ज मंजूर करताना भावांना काही रक्कम द्यायला सांगितली तर वाद घालू नका, दिलेल्या मुदतीत भरा. ती मुदत चुकली की पुन्हा पहिल्यापासून. अर्ज नाकारलाच, तर त्या नकारावर आदेश ४३ नियम १(t) खाली अपील आहे, आणि तेव्हा मात्र हायकोर्ट हीच तुमची पायरी असेल.

पैशाची अडचण तुम्ही लिहिलेली नाही, तरी सांगते. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला, तिचं उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळू शकतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच प्राधिकरणाचं कार्यालय असतं, आणि १५१०० हा मदतीचा क्रमांक आहे.

ज्यांचं अपील अजून चालू आहे त्या वाचकांना एक विनंती. प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो. तो वकिलांकडून मागून घ्या, ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये टाका, आणि महिन्यातून एकदा पुढची तारीख आणि मागच्या तारखेला काय झालं ते वाचा. दोन मिनिटांचं काम आहे, घरातलं आठवीतलं मूलही करून देईल. तारीख जवळ आली की वकिलांना एक मेसेज पाठवा : ‘साहेब, अमुक तारखेला आपलं अपील आहे, मी येऊ का?’ यात त्यांचा अपमान नाही, आणि तो मेसेज तुमच्या मोबाइलमध्ये राहतो, पुढे कधी जागरूकता दाखवायची वेळ आली तर तोच पुरावा असतो. समन्स-नोटिशीचा भत्ता भरला का, हेही विचारा. तो न भरल्यानेही प्रकरणं काढून टाकली जातात. वकील निवर्तले तर त्यांचं वकीलपत्र संपतं, नवं द्यावं लागतं. आणि अपिलातल्या कुणाचा मृत्यू झाला, मग ते आपल्या बाजूचे असोत वा समोरचे, तर ९० दिवसांत वारस दाखल करायचे असतात. ते चुकलं तर अपील त्या व्यक्तीपुरतं आपोआप संपुष्टात येतं. तो प्रकार गैरहजेरीहून वेगळा आहे आणि त्याचे अर्जही वेगळे.

ताई, उद्या काकांकडे जा. जाताना अपिलाची तुमच्याकडची जी काही कागदपत्रं असतील ती पिशवीत घाला, आणि डिस्चार्ज कार्डाची झेरॉक्स येताना घेऊन या. परवा नवे वकील. आठ दिवसांच्या आत दोन्ही अर्जांना नंबर पडलेला असू दे, आणि तो नंबर तुमच्या स्वतःच्या वहीत, तुमच्या अक्षरात लिहिलेला असू दे. पहिल्या तारखेला वकील म्हणाले ‘यायची गरज नाही’, तरी जा. व्हरांड्यात भाऊ भेटतील. त्यांच्या तब्येतीची विचारपूस करा, आणि पुकारा झाला की आत जाऊन उभ्या राहा.